काकूंची एक मिनिट शांतता

अगं, मी ब्रिटिश डॉक्युमेंटरीवाल्यांबरोबर साउंड रेकॉर्डिंग करते, म्हणजे लोकांना गप्प करणं हेच माझं काम. पण तिकडे परदेशात, शॉमबर्ग गावात राहणाऱ्या एका मराठी काकूंपुढे मी हात टेकले. त्यांच्या घरी इंटरव्ह्यू संपला होता. एडिटिंगसाठी खोलीतली नुसती शांतता तेवढी रेकॉर्ड करायची राहिली होती. मी बटण दाबलं की काकू सुरू, "चहा टाकू का?" पुन्हा दाबलं, "साखर चालते ना याला?"

हा म्हणजे आमचा लंडनचा डिरेक्टर. त्याला फ्लाइट गाठायची होती. शेवटी मी म्हटलं, "काकू, आता सगळ्यांनी फक्त एक मिनिट शांत उभं राहायचं."

काकूंचा चेहरा एकदम पडला. त्यांनी हात जोडले, डोळे मिटले. काकांनी डोक्यावरची कॅप काढून मान खाली घातली. अख्खं मिनिट चिडीचूप! इतकी सुंदर शांतता मला आजवर मिळाली नव्हती यार.

मी रेकॉर्डिंग थांबवलं. काकू ओल्या डोळ्यांनी डिरेक्टरच्या पाठीवरून हात फिरवत मला म्हणाल्या, "कोण गेलं गं बिचाऱ्याचं? आधी सांगायचंस की! मी आपली मघापासून चहा चहा करतेय."