एका मुलाचा एक गोल

आजच्या समारंभाचे अध्यक्ष, ज्यांच्यासमोर इथल्या निम्म्या पालकांनी कधी ना कधी आ वासला आहे, असे आपले दातांचे डॉक्टर. आमची पिल्लं आता ज्यांच्या पदरात पडणार आहेत, त्या पलीकडच्या मोठ्या शाळेच्या मुख्याध्यापिका बाई. आमच्या बालवर्गाचे कार्यवाह. माझ्या सहकारी ताया. आणि समोर बसलेले, मागे उभे असलेले, दारात अडकलेले सगळे आई-बाबा, आजी-आजोबा, मामा-मावश्या, तुम्हा सर्वांना नमस्कार.

कार्यवाहांनी मला थोडक्यात आवरायला सांगितलं आहे. दरवर्षी सांगतात, बिचारे.

बालवर्गाच्या निरोपाचं भाषण मोठं अवघड असतं. ज्यांना निरोप द्यायचा ते ऐकायलाच नसतात. ते आत्ता शेजारच्या खोलीत कागदाच्या टोप्या घालून बसलेत आणि एकमेकांच्या टोप्या ओढताहेत. हा जो गलका ऐकू येतोय तो त्याचाच आहे, घाबरू नका. दार लावलेलं आहे आणि आमच्या ताई दाराला पाठ लावून उभ्या आहेत. म्हणजे मी बोलते आहे ते मोठ्यांसाठीच.

ही मुलं इथे काय शिकली? बटण लावायला शिकली. नाक पुसायला शिकली, बाहीला का होईना. एका मुलाने पहिले कित्येक दिवस बाहुलीला भरवल्याशिवाय स्वतः घास घेतला नाही. आता ते बाहुलीचाही डबा खातं. यालाच आम्ही प्रगती म्हणतो.

जुन्या पालकांना आमची रीत ठाऊक आहे, नव्यांसाठी सांगते. निरोपाच्या दिवशी मूल माझा हात धरून त्या दारात उभं राहतं. मी हात सोडत नाही. मुलानेच सोडायचा, मनात येईल तेव्हा. मग खुर्च्यांच्या मधल्या वाटेने एकट्याने चालत जाऊन आपलं माणूस गाठायचं. मोठ्यांनी हाका मारायच्या नाहीत, हात पसरायचे नाहीत. मागे एका मामांनी हळूच गाडीच्या किल्ल्या वाजवल्या, तर तीन मुलं त्यांच्याकडे धावली. त्यांच्या भाचीने मात्र ढुंकूनही पाहिलं नाही.

ही रीत मला फार आवडते. म्हणून आता जे सांगते आहे ते सांगायला जड जातंय.

परवा आम्ही रंगीत तालीम घेतली. तालमीत ताया पालक होऊन बसतात. प्रत्येक मुलाला आधी विचारतात, तुझी माणसं कुठे बसणार? एक मूल म्हणालं, "एक इकडे, एक तिकडे." ताईंनी सरळपणे एक खुर्ची या टोकाला मांडली, एक त्या टोकाला. मीही पाहत होते. माझ्याही डोक्यात काही आलं नाही. इतकी वर्षं मुलांत घालवून ही अक्कल.

त्या मुलाने माझा हात सोडला. मधोमध गेलं. इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं, सदऱ्याचं टोक तोंडात घातलं आणि तिथेच फरशीवर फतकल मारली. मी जवळ जाऊन विचारलं, काय झालं बाळा? ते म्हणालं, "मी इथेच बसेन. इथून दोघं दिसतात."

कृपा करून माना वळवू नका. मुलगा की मुलगी, ते मी सांगणार नाही. मागे कुजबुज चाललीये, ती थांबवा. प्रत्येकाने आपापल्या चपलांकडे बघितलं तरी चालेल.

त्याच संध्याकाळी मला फोन आला. "बाई, पुढची खुर्ची मिळेल का? मूल माझ्याकडेच येणार, बघाच तुम्ही. चारचौघांत एकदा कळू दे." फोन ठेवते न ठेवते तोच दुसरा. तीच खुर्ची, तोच हट्ट, आणि शब्दही तेच. घरं दोन झाली, भाषा अजून एकच आहे. मूल कुणापाशी राहणार ते लवकरच ठरायचं आहे, हे मला दोन्हीकडून कळलं. म्हणजे माझ्या या समारंभात तुम्ही सगळे टाळ्या वाजवायला आलेले नव्हतात. तुम्ही साक्षीदार होतात.

मला संताप आला. आणि मग वाईटही तितकंच वाटलं. आपलं लेकरू आपल्याकडे धावत यावं, हे कुणाला वाटत नाही? त्या दोघांचं त्या मुलावर प्रेम नाही असं कुणी म्हणालं, तर मीच त्याच्याशी भांडेन. पण एवढ्याशा जिवाने भर सभेत कुणा एकाकडे पाठ फिरवायची, आणि आपण त्याला कौतुक म्हणायचं? हे माझ्या बालवर्गात होणार नाही.

मी दोघांनाही खुर्ची देते म्हणाले. शब्द पाळला आहे. दोघंही पुढेच बसलेले आहेत.

अध्यक्ष महाराज, आता मी करणार आहे ते कार्यक्रमपत्रिकेत नाही. कार्यवाह डोळे मोठे करून बघताहेत. त्यांना आधी सांगितलं असतं, तर त्यांनी बैठक बोलावली असती.

ताई, इथे पुढे अंथरलेल्या चटया गुंडाळा. हं, सगळ्या. त्या कोपऱ्यातलीसुद्धा.

हे बघा, फरशीवर खडूचे गोल आहेत. काल मुलांनी काढले. मी एवढंच सांगितलं होतं, तुला न्यायला येणारी माणसं उभी राहतील एवढा गोल काढ. प्रत्येक गोलात त्या मुलाच्या दप्तराच्या खुंटीवरचं चित्र आहे. बदक, छत्री, किटली, आपापलं चित्र तुम्हाला ठाऊक आहेच. काही गोल बटाट्यासारखे झालेत. एकाने कुत्र्यासाठी शेपटीएवढी जास्त जागा ठेवली आहे. आणि एक गोल इतका मोठा आहे, की खडू झिजून संपला आणि दुसरा मागून घेतला. मी विचारलं, एवढा मोठा कशाला रे देवा? उत्तर आलं, "त्यांचा एकमेकांना धक्का लागायला नको."

आज मुलं माणसं शोधत चालणार नाहीत. आज तुम्ही चालायचं. एका मुलाचा एक गोल, आणि त्या मुलाचं जे जे कुणी असेल त्याने त्या एकाच गोलात उभं राहायचं. सगळे गोल भरल्याशिवाय दार उघडणार नाही. कोण आधी उठलं, कोण मागून आलं, हे आतल्या कुणालाही कळणार नाही. या, उठा.

सावकाश. आजोबा, तुमचं बदक तिकडे, ही किटली आहे. मामा, किल्ल्या खिशात.

तोवर मी आभार मानून घेते. अध्यक्षांनी दवाखाना बंद ठेवून वेळ दिला, त्यांचे आभार. मोठ्या शाळेच्या बाईंचे आभार. बाई, यांना पहिले काही दिवस ओरडू नका, मग तुमच्या मर्जीने ओरडा. खुर्च्या देणाऱ्या मांडववाल्यांचे आभार. मघापासून ध्वनिक्षेपकाने एकदाही शिट्टी मारली नाही, त्याबद्दल ध्वनिक्षेपकवाल्यांचे विशेष आभार.

एक गोल अजून रिकामा आहे.

मला घाई नाही. बोलणं हाच माझा धंदा आहे, मी अंधार पडेपर्यंत आभार मानू शकते. फरशी पुसणाऱ्या मावशींचे आभार, त्यांनी काल पहिल्यांदा फरशी न पुसता सोडली. ज्या पालकांनी वेळेवर मुलं आणली त्यांचे आभार. ज्यांनी रोज उशिरा आणली, पण आणली, त्यांचेही.

या. या तुम्ही. असे कडेला नको, थोडं आत या. रेघेवर पाय पडला की खडू पुसतो.

आता बाकीच्यांनी कृपया त्या रिकाम्या खुर्चीकडे किंवा भरलेल्या खुर्चीकडे बघू नये. आपापल्या गोलात बघा. आतला गलका थांबलाय, ऐकलंत? टोप्या ओढून झाल्या. ती आता दाराशी रांगेत उभी आहेत. आपल्याला न्यायला कोण येणार आहे, हे त्यातल्या प्रत्येकाला पाठ आहे. मी त्यातल्या एकाला काल रात्री झोप लागली असेल का, याचाच विचार करत होते. मला नाही लागली.

हं. उठलात. या. जागा आहे, भरपूर ठेवली आहे.

पोचलात दोघंही. आभारी आहे. मनापासून आभारी आहे. एकमेकांकडे नाही बघितलंत तरी चालेल. दाराकडे बघा.

मंडळी, बोलण्याच्या ओघात माझा तोल गेला असेल, कुणाचं मन दुखावलं असेल, तर या म्हातारीचं एवढं पोटात घाला, आणि रागवायचंच असेल तर उद्या येऊन माझ्यावर रागवा, घरी जाऊन मुलांवर नको.

ताई, उघडा दार.