जपानी मोलकरणीचं रीळ

मी किती शहाणा होतो ते ऐका. सत्तरच्या आसपास आमच्या फिल्म सोसायटीनं धंतोलीतल्या एका हॉलमध्ये जपानी सिनेमा लावला होता. आधी मी भाषण ठोकलं, "यातली मोलकरीण नीट पाहा. ही नटी उभा जन्म दुय्यम भूमिकाच करत आली, पण खरी कलावंत तीच." हे सगळं पत्रकातून उचललेलं. सिनेमा मीही पाहिला नव्हता.

सहाला हॉल लग्नवाल्यांना द्यायचा होता. उशीर व्हायला लागला तसा मी ऑपरेटरला म्हणालो, "सातवं रीळ गाळून टाक गा. कोणाले समजते?"

खरंच कोणाला समजलं नाही. चर्चेत एका प्राध्यापकांनी तर दिग्दर्शकाच्या संयमाची तारीफ केली. मी मान डोलावली.

चहाचे कप गोळा करणाऱ्या गिरजाबाईनं मागं उभं राहून सिनेमा पाहिला होता. तिनं विचारलं, "भाऊ, ते भांडेवाली बाई कुठी गेली गा? मंग दिसलीच नाही."

"गावी गेली," मी म्हणालो.

दुसऱ्या दिवशी रिळांचे डबे परत पाठवायच्या आधी मी ते सातवं रीळ लावून पाहिलं. अख्खं रीळ तिचंच होतं. शेवटी ती मरते.

दिवा लावला तर दारात गिरजाबाई उभी.

"गावी नाही गेली वाटते," ती म्हणाली, आणि झाडायला लागली.