चार ते चार चाळीस

धाकटी: ...आणि गेम मोडमधलं हे दुसरं. परफॉर्मन्स बूस्ट. हे चालू असलं की फोन आपली सगळी ताकद गेमला देतो. म्हणून तापतो तो. म्हणून तुझी बॅटरी संध्याकाळच्या आत मान टाकते. हे बघ, केलं बंद.

ताई: कर बाई. काय काय बंद करायचं ते कर. मला पाच मिनिटं पाठ टेकू दे.

धाकटी: झोपू नकोस, मी तुला समजावून सांगतेय.

ताई: ऐकतेय की. डोळे मिटले म्हणून कान मिटत नाहीत.

धाकटी: चिमीनं फोन देतानाच हे सगळं काढायला हवं होतं. माझीच लेक, पण इतकी वेंधळी! स्वतःच्या खेळांसाठी जे जे लावून ठेवलं होतं, ते तसंच्या तसं मावशीच्या गळ्यात बांधलं.

ताई: तिला कशाला बोलतेस? पोरीनं चांगला फोन दिला. माझ्या जुन्या डबड्यावर बाबांचा आवाजसुद्धा नीट यायचा नाही.

धाकटी: चांगला? ताई, या फोनमुळे मंगळवारी बाबा पडले.

ताई: फोनमुळे कसे पडतील?

धाकटी: सांगते. उठ, इकडे बघ. ही ओळ वाच.

ताई: चष्मा आत राहिला. तूच वाच.

धाकटी: ‘खेळताना येणारे कॉल अडवा.’ म्हणजे गेम उघडा असला की फोन वाजतच नाही. वर एक बारीक पट्टी येते नि जाते, बस. बाबांचे चौदा कॉल आले आणि तुला एक ऐकू आला नाही, याचं कारण हे. मी दोन दिवस डोकं खाजवतेय की असं झालंच कसं! बाहेर जिन्यात, अकरा पावलांवर बसलेल्या माणसाला चौदा वेळा फोन वाजलेला कळत नाही म्हणजे काय? खरं सांगू, गाडीत बसल्यापासून तुझ्यावर चिडले होते मी. बाबांच्या मनगटाचं प्लास्टर बघितलं, मग तर जास्तच. तुला काही बोलले नाही, पण मनात बोलून घेतलं सगळं.

ताई: तोंडावर दिसत होतं तुझ्या.

धाकटी: आता सापडलं ना कारण! दोष फोनचा. तुझा नाही. झालं, हेही बंद केलं. सुटलीस.

ताई: बरं.

धाकटी: नुसतं बरं?

ताई: मग काय नाचू?

धाकटी: कमाल आहे तुझी. मला वाटलं, तुझ्या डोक्यावरचं ओझं उतरेल. जेवतसुद्धा नाहीयेस धड दोन दिवस.

ताई: झालं का तुझं? फोन दे इकडे.

धाकटी: थांब, अजून आहे. स्पर्श लॉक, सूचना लपवा... काय काय भरून ठेवलंय कार्टीनं. पण मला एक सांग, तू गेम कधीपासून खेळायला लागलीस? तू तर पत्ते पिसायलाही कंटाळायचीस.

ताई: आहे एक तो माशांचा. गळ टाकायचा असतो. चिमीनंच ठेवलेला.

धाकटी: दिसला. इथं किती वेळ खेळलो तेही येतं. मंगळवार, चार ते चार चाळीस. सोमवारही तेच. रविवार, चार ते चार चाळीस. शनिवार तेच. अगं बाई, सात महिने! रोज! शाळेची घंटा असल्यासारखं. वेड लागलं की काय तुला?

ताई: लागलं असेल.

धाकटी: आणि लेव्हल एक? सात महिन्यांत लेव्हल एक? चिमी अर्ध्या तासात दहावर जाते.

ताई: ती हुशार आहे.

धाकटी: हुशारीचा काय संबंध? पकडलेले मासे शून्य. टाकलेले गळ... ताई, टाकलेले गळसुद्धा शून्य आहेत.

ताई: दे म्हटलं ना फोन.

धाकटी: तू खेळतच नाहीस.

ताई: नाही.

धाकटी: मग उघडतेस कशाला?

ताई: तूच तर वाचून दाखवलंस आत्ता, कशाला ते.

धाकटी: म्हणजे तुला माहीत होतं? फोन वाजत नाही हे?

ताई: हळू बोल. जागे असतील ते.

धाकटी: ताई, तुला माहीत होतं?

ताई: पहिल्या दिवशी नव्हतं. पहिल्या दिवशी खरंच खेळायला उघडला होता. बाबांचा डोळा लागला होता, घरात कोंदट झालं होतं, म्हणून जिन्यात जाऊन बसले, वरच्या मजल्याच्या पायरीवर. चिमीनं कौतुकानं दाखवला होता खेळ, म्हटलं बघू. निळं पाणी आलं. बघत बसले. परत आत गेले तर बाबा म्हणाले, सहा फोन केले. मला एकही वाजला नव्हता. घाबरले गं मी. काही झालं असतं म्हणजे?

धाकटी: आणि मग?

ताई: मग दुसऱ्या दिवशी चार वाजता पुन्हा उघडला.

धाकटी: मला कळत नाहीये. चाळीस मिनिटं शांतता हवी होती तर फोन सायलेंट करायचास. घरात ठेवून जायचास.

ताई: सायलेंट केला तर तो मी केला. हा आपोआप व्हायचा. कुणी विचारलंच, तर बाई, मला काय कळतंय त्यातलं, पोरीचा फोन आहे. तू आत्ता अगदी तेच बोललीस. माझ्यासाठी तयारच होतं ते वाक्य सात महिने.

धाकटी: करत काय होतीस जिन्यात?

ताई: काही नाही. भिंतीला डोकं टेकून बसायचे. तुला वाटेल, रडत असेन, देवाचं नाव घेत असेन. काही नाही गं. समोरच्या दाराची कडी बघायची. कुणी चढून आलं की पाय आवरायचे.

धाकटी: मला सांगायचंस ना!

ताई: काय सांगू? बाबांचा फोन आला की तो उचलूच नये असं वाटतं, हे सांगू? दिवसाला साठ-सत्तर वेळा वाजतो तो. मोजणं सोडलं मी. उशी सरकव. पंखा बारीक कर. पंखा मोठा कर. आज वार कुठला? खाली कुणाची गाडी आली? टेलिफोन एक्स्चेंजमध्ये तीस वर्षं काढलेला माणूस, त्यांना बटण दाबायला काय लागतं! आणि आवाजच गेलाय त्यांचा, हाक पोचत नाही, म्हणून तो फोन मीच आणून दिला त्यांच्या हातात. एक दाबलं की मी. केवढी शहाणी समजत होते स्वतःला! कधी कधी तर काहीच नको असतं. ‘आहेस ना?’ विचारतात. ‘आहे’ म्हटलं की ठेवून देतात.

धाकटी: एखादी बाई ठेवू म्हणत होते ना मी...

ताई: तीन ठेवल्या. तिघींना त्यांनी आठवड्याच्या आत पळवून लावलं. एकीला म्हणाले, तू श्वास फार मोठ्यानं घेतेस. हसू नकोस.

धाकटी: नाही हसत. सॉरी.

ताई: तू हस. तू दोन दिवसांसाठी आलीयेस.

धाकटी: लागलं हं मला ते.

ताई: लागू दे. मंगळवारपासून माझ्या डोळ्यांसमोरून एकच हलत नाहीये. बाबा फरशीवर पडलेत, मनगट मोडलंय, आणि त्याच हातानं ते बटण दाबतायत. एकदा नाही, चौदा वेळा. आणि मी बाहेर पायरीवर, कडीकडे बघत. तू म्हणतेस सुटलीस. कशी सुटू?

धाकटी: ताई...

ताई: पाठीवर हात नको फिरवूस. रडू येईल आणि मग त्यांना तोंड दाखवता येणार नाही.

धाकटी: एक विचारू? बाबांचा फोन तुला कुठं सापडला?

ताई: कुठं म्हणजे? उशीशी. नेहमीच्या जागी.

धाकटी: आणि बाबा?

ताई: दाराशी. उंबऱ्यात डोकं, पाय आत.

धाकटी: पलंगापासून दार केवढं लांब आहे, ताई. फरशीवर पडलेल्या माणसानं उशीवरचा फोन कसा दाबला?

ताई: मला नाही माहीत. दाबला असेल आणि मग सरकत आले असतील.

धाकटी: थांब. त्यांचा फोन चार्जिंगला लावून आत्ताच परत दिला, तेव्हा बघितलं होतं मी. पहिला कॉल चार दहाचा. शेवटचा चार सत्तावीसचा. तू आत कधी आलीस?

ताई: चार चाळीसला.

धाकटी: तेव्हा ते काय म्हणाले?

ताई: म्हणाले, आत्ताच पडलो. मला वाटलं, माझी समजूत काढतायत.

धाकटी: अगं, खरंच आत्ताच पडले असतील. ते चौदा फोन पडायच्या आधीचे आहेत. पलंगावर बसून केलेले.

ताई: मग उठले कशाला? बाथरूम तर पलंगाच्या पलीकडे आहे. दाराकडे काय काम होतं त्यांचं?

धाकटी: तेच म्हणतेय मी. बघ, वाजतोय तुझा फोन. आता वाजतो तो. बाबाच आहेत.

ताई: हो बाबा. आहे. आहे मी. आले.

(आतली खोली. खिडकीचा पडदा अर्धा ओढलेला. बाबांचे शब्द अडखळत, एकेक करून येतात.)

बाबा: भांडताय?

धाकटी: नाही हो. फोन दुरुस्त करत होते ताईचा.

बाबा: काय झालंय त्याला?

ताई: बाबा, मंगळवारी तुम्ही उठून कुठं निघाला होतात?

बाबा: पाणी. पाणी प्यायला.

धाकटी: पाणी तर हे इथं, हाताशी असतं.

बाबा: असतं का? मग विसरलो.

ताई: बाबा.

बाबा: आता काय त्याचं? झालं ते झालं. दोन टाके आणि एक प्लास्टर. मेलो नाही.

ताई: मला कळायला हवं. सांगा.

बाबा: तू फोन घेईनास.

ताई: म्हणून?

बाबा: म्हटलं, पडलीस की काय कुठं. सकाळी भिंत धरून उभी होतीस. ओट्यापाशी. मला दिसतं इथून. चक्कर येते तुला. सांगत नाहीस कुणाला.

धाकटी: चक्कर? ताई, कधीपासून?

ताई: तू मध्ये नको येऊस. बाबा, फोन बिघडला नव्हता. मला कळत होतं तो वाजणार नाही ते. मीच तसं करून बाहेर बसत होते. रोज.

बाबा: चार ते चार चाळीस.

ताई: तुम्हाला ठाऊक होतं?

बाबा: तीस वर्षं... हेच काम केलं. कुठला नंबर कधी घेत नाही, कळतं. दोन-तीन दिवस केले फोन. मग सोडले.

ताई: मला वाटायचं, तुम्ही दुपारी झोपता.

बाबा: कुठली झोप? पडून असतो. घड्याळाकडे बघत.

ताई: आणि काही लागलं तर?

बाबा: थांबायचं. चाळीस तर मिनिटं. मंगळवारी थांबवेना. ती चक्कर डोक्यात. म्हटलं एकदा उचल, मग ठेवतो. नाही उचललास. मग उठलो.

धाकटी: बाबा, तुम्ही दोन वर्षांत एकट्यानं उठला नाहीत.

बाबा: सहा पावलं चाललो.

ताई: माझ्यामुळे पडलात तुम्ही.

बाबा: पायामुळे पडलो. डावा.

ताई: मला तुमचा राग येत नाही हो बाबा. देवाशप्पथ येत नाही. कंटाळाही नाही. फक्त दमते. इतकी दमते की फोन वाजला की वाटतं, आता हा उचलला तर मी ओरडेन. आणि तुमच्यावर ओरडायचं नाहीये मला.

बाबा: मीही दमतो. हे सारखं मागून मागून. पंखा हवा असतो असं नाही दर वेळी.

ताई: मग?

बाबा: मग काय? आवाज ऐकायचा असतो कुणाचा तरी.

धाकटी: बाबा, माझं ऐका. उद्यापासून दुपारी तुमच्या बटणाला मला जोडते. चार वाजले की तुमचा फोन माझ्याकडे. मी चहाची सुट्टी त्याच वेळेला घेईन. हिला चाळीस मिनिटं कुणी विचारायचं नाही. आणि कधी उठावंसं वाटलं तर मी इकडे शेजारच्या काकूंना फोन लावीन.

बाबा: काकू फार बोलते.

धाकटी: तुम्ही मध्येच ठेवून द्या. ताई, आणि तुला उद्या सकाळी डॉक्टरकडे घेऊन जाणार आहे मी. काही बोलायचं नाही. तो गेम मोड पुन्हा चालू करून देऊ का?

ताई: नको. आता मला जमणार नाही ते. तो माशांचा खेळही काढून टाक.

बाबा: हिचा फोन इकडे दे.

धाकटी: काय करताय त्याचं?

बाबा: इथं राहू दे. माझ्या उशीशी. दोन्ही इथं असले... तर कोण कुणाला करणार?

ताई: बाबा, तुम्ही पण ना! हसवता आणि रडवता एकाच वेळी. थांबा, उशी सरकवते तुमची. पंखा ठीक आहे का? पडदा ओढू अजून? ऊन येतंय तोंडावर.

बाबा: किती वाजले गं?

धाकटी: चार वाजून पाच मिनिटं.

बाबा: मग ही अजून इथं कशी?