गोधडीवरची गोष्ट

मोहाडीच्या बसस्टँडवर ज्योत्स्नाच्या कानावर शेजारच्या मायलेकींचं बोलणं पडत होतं. लेक प्रदर्शनाचा फॉर्म भरत होती.

“माय, तुह्या गोधडीले इंग्रजीत ‘स्टोरिएटेड’ म्हणतेत.”

“म्हणजे काय व?”

“जिच्यावरचे चित्रं गोष्ट सांगतेत, अशी. कोणती गोष्ट, थे लिहाची आहे.”

“लिही. तुह्या बापानं तलावात जाळं टाकलं, मंग कामाले हैद्राबादले गेला, मंग घरी आला.”

“बाबा कुठी आले? सहा वर्षं झाले. शेवटचं चित्र तं खोटं आहे, माय.”

“टाके घालताना मले नाही वाटलं खोटं. बस काहून नाही येऊन राहिली?”

बस आली. लेक जागा धरायला धावली. माय मात्र गोधडी छातीशी धरून, उतरणारा शेवटचा माणूस दिसेपर्यंत एकेकाचा चेहरा बघत उभी राहिली.