सुभेदार आबांची मूठ

माझ्या एका वाक्यानं आमच्या गुरुजींची बदली होता होता राहिली, गड्यांनो. बहात्तरच्या दुष्काळानंतरची, कऱ्हाडजवळच्या मलकापूरकडची गोष्ट. सुभेदार आबांची लेक शाळेतून आली ती दोन्ही गाल लालभडक घेऊन, थोबाडीत बसल्यासारखे. पोरगी म्हणे, "कुणी न्हाई मारलं." आबा म्हणाले, "गुरुजीला भिऊन खोटं बोलतीया."

आबा शाळेत धडकले, मागोमाग मी. बघतो तर गुरुजींची बोटं सुजलेली, खडू धरता येईना. मी हळूच म्हटलं, "आबा, हात सुजेस्तोवर हाणलंय बघा!" झालं. आबांनी बदलीचा अर्ज लिहिला आणि घरोघर सह्या घेत सुटले.

कऱ्हाडच्या डॉक्टरांनी गुरुजींना तपासून सांगितलं, "साथ आहे. पोरांचे गाल लाल होतात, मोठ्यांचे सांधे धरतात."

"डॉक्टर गुरुजीचा पाव्हणा असंल," आबा म्हणाले.

पंधरवड्यानं आबा अर्ज घेऊन लंगडत निघाले. गुडघे आखडलेले, बोटं सुजून मूठ वळेना. मी पारावरनंच ओरडलो, "आवं आबा, तुमी कुणाला हाणलं?"

आबांनी अर्ज काढून फाडायला घेतला, पण त्या बोटांनी तो फाटेना. शेवटी मीच फाडला. पहिली सही माझीच होती.