माझा हात थरथरतो म्हणे!

सांगा, सांगा, सांगा! अहो, मी लग्नाला आलोय की साक्षीला? बुंदी तोंडात जायच्या आत, 'मामा, ती हजामतीची केस सांगा!' वर आणखी 'बायकोचं नाव घ्या' म्हणून छळ, तो वेगळाच. या वयात? आधी केस ऐका आणि मग मला जेवू द्या. माझा हात थरथरतो म्हणे! गिरगावातली दोन पिढ्यांची डोकी भादरली या हातानं, आणि थरथरतो?

तर तुम्हाला सांगतो, खोताच्या वाडीपलीकडे ते कमलाकांतराव. बडं घर. करार वर्षाचा, दिवाळी ते दिवाळी. घरातल्या सगळ्या पुरुषांची हजामत करायची आणि वर्ष भरलं की पंधरा रुपये नि एक धोतरजोडी. आता दिवाळी तोंडावर आली की मालकाला नोकराचे दोष दिसायला लागतात, तुमच्या गिरणीत काय वेगळं आहे? दसरा झाला. राव पाटावर बसले, मी अर्धं डोकं उतरवलं, आणि यांनी काय करावं? चिमूटभर तपकीर ओढली! अशी सणसणीत शिंक दिली की कानामागं जरासं खरचटलं. अहो, डास चावला तरी जास्त रक्त येतं! पण राव ओरडले, "म्हाताऱ्या, तुझा हात थरथरतो! उद्यापासून येऊ नकोस!"

शिंक रावांची, आणि हात थरथरला माझा!

म्हटलं, "मग माझे पैसे?" तर म्हणे, "वर्ष कुठं भरलंय?" उचलली धोकटी नि चालू लागलो. डोकं राहिलं अर्धं!

आता आमच्या जातीची रीत अशी, की एकानं हात घातलेलं डोकं त्याचा हिशेब मिटल्याशिवाय दुसरा धरत नाही. राव ठाकुरद्वारापासून लालबागपर्यंत हिंडले. जो तो न्हावी विचारी, "मामांचे दिले का?" शेवटी बिचारे जेवतानासुद्धा पगडी घालून!

मला पैशाचं एवढं नव्हतं हो... होतं, पण एवढं नव्हतं. ज्याचा हात थरथरतो त्याच्या वस्तऱ्यापुढं गळा कोण धरील? चार घरं सुटली. म्हणून ठोकला दावा.

जज्जसाहेब पारशी. रावांचा वकील नुकतंच मिसरूड फुटलेला, पण तोरा काय! "साहेब, वादीचा हात थरथरतो, सबब करार मुदतीआधी तोडणं रास्त!" साहेब म्हणाले, "अरे बाबा, पेली पगडी तो काढा!" काढली... अर्ध्यावर माळरान, अर्ध्यावर भाताची रोपं! पट्टेवाला हसू दाबताना खोकायला लागला. साहेब मला म्हणाले, "डोसाजी, म्हातारबाबा, पूरी करा हजामत, अबघडी, आत्ताच!" वकील उसळला, "साहेब, तो पुरावा आहे! पुरावा भादरता येणार नाही!" साहेब म्हणाले, "तुमी बेसो नी! आणि राव, ती तपकीरनी डबी इथे टेबलवर मूको!"

भादरलं. रक्ताचा थेंब नाही! राव माणूस दिलदार, डोक्यावरनं हात फिरवून सगळ्यांदेखत म्हणाले, "मामा, चुकलो." संपलं होतं हो तिथंच! पण त्या वकिलाला कुठं चैन? दारात आमची ही उभी, माझी भाकरी घेऊन. त्यानं हिलाच पुढं बोलावली, शपथ घ्यायला लावली. "बाई, घरी यांचा हात थरथरतो का?" मी डोळ्यांनी खुणावतोय, नाही म्हण, नाही म्हण... आणि ही पदर सावरून म्हणते, "थरथरतो की!"

वकिलानं मिसरुडाला पीळ दिला.

"केव्हा थरथरतो, बाई?"

"माझ्या हातावर पैसे ठेवताना. एरवी नाही हो!"

काय सांगू! साहेबांनी हसता हसता चष्मा काढून डोळे पुसले. निकाल माझ्या बाजूनं लागला, पंधराच्या पंधरा रुपये, धोतरजोडी, सुटलेली घरंही परत आली. पण पोरं? मी दिसलो की, "मामा, आज थरथरला का?" घरी हिला विचारलं, असं कसं बोललीस? तर म्हणे, "देवाची शपथ घेऊन खोटं बोलू?" आणि तळवा पुढं केला. ठेवायला गेलो पैसे, तर... जरासा. अहो, जरासाच!

ती बघा, बायकांत बसून तोंडाला पदर लावून हसतेय. नाव हवं होतं ना तुम्हाला? घ्या तर...

जज्जांनी दिला निकाल, रावांनी मागितली माफी,
आमच्या सुभद्रेची तेवढी अजून आहे बाकी!