आरोपी आला होता

अखिल-खाडीतट-भूषण, मत्स्यविक्रय-धुरंधरा, न्यायालय-सोपानारोहण-व्रतस्था, जामीनविरोध-शिरोमणी, समस्त कोपरवासीयांच्या मातोश्री कैलासवासी चांगुणाबाई यांच्या स्मृतीस वंदन करून, बंधुभगिनींनो, मी आपणापुढे उभा आहे. खरे म्हणजे अर्धाच उभा आहे. ध्वनिक्षेपक फार खाली आहे.

बोलणे कठीण आहे. कारण मला थांबवणारे कोणी उरले नाही. "मास्तर, आटप," एवढे म्हणण्याचा अधिकार माझ्या संस्कृतच्या विद्यार्थ्यांनाही नव्हता. बाईंना होता.

आज बाहेरगावची मंडळी आहेत, म्हणून सांगतो. बाईंचा लेक दशरथ टेंपो चालवायचा. भर दुपारी, अर्ध्या जेवणावरून, पोलिसांच्या जीपने त्याला दारातून उचलले. संध्याकाळी कळले, शीळफाट्यावर 'चकमक' झाली, दशरथ गेला. ज्याच्या हाती उभ्या हयातीत स्टिअरिंगखेरीज काही आले नाही, त्याने म्हणे पिस्तूल झाडले! बाईंनी मासळीची पाटी डोक्यावर घेऊन इतक्या कचेऱ्यांचे उंबरे झिजवले, की अखेर त्या जीपमधल्या फौजदारावर खुनाचा गुन्हा दाखल झाला. यथावकाश फौजदारांना जामीनही झाला. अट एकच. आपल्या कोपरसकट डोंबिवलीच्या हद्दीत पाऊल ठेवायचे नाही. कारण ती जीप पाहणारे साक्षीदार इथे राहतात.

मग काय घडले? एका उत्साही मंडळाने त्याच शूर फौजदारांचा नागरी सत्कार योजला. कुठे? इथे. याच सभागृहात. सूत्रसंचालक कोण? अस्मादिक. अटीची वार्ता माझ्या कर्णपथावर आली नव्हती. विशेषणे मात्र सज्ज होती. मी स्वागत केले. शाल झाली, श्रीफळ झाले, टाळ्या झाल्या. आणि पाटी दाराशी ठेवून बाई सरळ मंचावर आल्या.

"अगं ए, खाली उतर!" कोणीतरी ओरडले.

बाईंनी माझ्याकडे पाहिले. "मास्तर, यो दांडा खाली कर. माजं तोंड पोचत नाय."

मी केला. बंधुभगिनींनो, माझ्या प्रदीर्घ सार्वजनिक जीवनात निर्भेळ अभिमान वाटावा असे माझे कृत्य हेच. मी एक दांडा खाली केला.

बाई बोलल्या, "सायेब, तुमाला डोंबिवलीन यावाची बंदी हाय ना? मंग आलाव कसं?"

एवढेच. सत्कारमूर्ती शालीसकट मागच्या दाराने अंतर्धान पावले.

पुढे जामीन रद्द करण्याच्या अर्जासाठी मी प्रतिज्ञापत्र लिहिले. सालंकृत लिहिले. वकीलसाहेबांनी विशेषणे खोडली, उपमा खोडल्या, मंगलाचरणही खोडले. उरले ते इतकेच : आरोपी आला होता. माझ्या वाणीतून निघालेले सर्वांत लहान भाषण. आणि फळ मिळाले ते त्यालाच. जामीन रद्द झाला. फौजदार आत गेले, आणि जीप पाहणाऱ्यांना वाचा फुटली.

परवा रुग्णालयात बाईंनी विचारले, "त्यानं परत जामीन मांगलाय ना?"

"हो, आई."

"मंग मी नसली तं कोन जाईल?"

"आम्ही जाऊ."

"जा. पयल्या बाकाव बस. त्याला दिसशील असा. पन तू बोलू नको, मास्तर."

मंडळी, सोमवारी ठाण्याच्या न्यायालयात सुनावणी आहे. पहिले बाक आपले. त्यामागचे बाक आपले. जागा उरली नाही, तर भिंतीलगतची जमीन आपली. कोपरची माणसे मोजता येणार नाहीत इतकी दिसली पाहिजेत. मी येणार आहे, आणि जन्मात प्रथमच, मौन पाळणार आहे.

आता उभे राहू या. त्या दिवशी बाईंच्या प्रश्नानंतर या सभागृहात जी शांतता पसरली होती, तीच त्यांना अर्पण करू या.

तत्पूर्वी ध्वनिक्षेपकवाल्या बंधूंकडे एक सविनय तक्रार. त्या दिवशी दांडा खाली केला, तो स्क्रू तिथेच रुतला. तेव्हापासून नगरसेवक असोत, आमदार असोत, जो येतो तो इथे कमरेत वाकूनच बोलतो. त्यांचे त्यांनी पाहावे. पण माझी कंबर पन्नाशीची आहे हो. तो स्क्रू बदलणार आहात की नाही?